आयसीयूतले 'ॲसिडिटीचे इंजेक्शन': कोणाला लागते, कशासाठी आणि कधी थांबवायचे?

घरातील कोणी आयसीयूमध्ये असले की रोजच्या औषधांच्या यादीत एक नाव हमखास दिसते. पॅन्टोप्राझोल. कधी त्याऐवजी इसोमेप्राझोल किंवा रॅबेप्राझोल असते. मग नातेवाईक विचारतात, "डॉक्टर, यांना तर न्यूमोनिया झालाय. ॲसिडिटीचा त्रास कधीच नव्हता. मग हे औषध कशाला?"

प्रश्न रास्त आहे. गेल्या काही वर्षांत जगभरातील डॉक्टरांनीही स्वतःला हाच प्रश्न विचारला. हजारो रुग्णांवर त्याचा नीट अभ्यास झाला आणि २०२४ मध्ये त्याचे बरेच स्पष्ट उत्तर मिळाले. ते थोडक्यात असे: ठरावीक गंभीर रुग्णांसाठी हे औषध खरोखर उपयोगी आहे. पण धोका संपला की त्याचे कामही संपते. घोळ होतो तो या दुसऱ्या भागात, आणि तिथे लक्ष ठेवण्याचे काम बऱ्याच वेळा तुम्हालाच करावे लागते.

स्ट्रेस अल्सर म्हणजे काय?

इथे 'स्ट्रेस' म्हणजे मनाचा ताण नव्हे. ऑफिसचे टेन्शन किंवा परीक्षेची काळजी यांच्याशी याचा संबंध नाही. हा शरीरावर आलेला मोठा ताण आहे: गंभीर जंतुसंसर्ग, मोठा अपघात, खोलवर भाजणे, डोक्याला मार, मोठी शस्त्रक्रिया.

आपल्या जठरात अन्न पचवण्यासाठी तीव्र आम्ल तयार होते. त्या आम्लाने जठर स्वतः जळत नाही, कारण आतून बुळबुळीत श्लेष्माचा थर असतो आणि त्याखालच्या पेशींना भरपूर रक्त मिळत असते. शरीर संकटात सापडले, रक्तदाब उतरला की उपलब्ध रक्त आधी मेंदू आणि हृदयाकडे वळवले जाते. जठराच्या वाट्याला कमी येते. संरक्षण करणारा थर कमकुवत होतो आणि तेच आम्ल जठराच्या अस्तराला झोंबू लागते. काही तासांत किंवा दिवसांत तिथे बारीक बारीक जखमा होतात. याच स्ट्रेस अल्सर.

ही गोष्ट नवी नाही. लंडनचे शल्यचिकित्सक थॉमस कर्लिंग यांनी १८४२ मध्ये भाजलेल्या रुग्णांमध्ये असे व्रण नोंदवले होते. मेंदूच्या विकारांत होणाऱ्या अशाच व्रणांना अमेरिकेचे हार्वे कुशिंग यांचे नाव मिळाले आहे.

बहुतेक जखमा वरवरच्या असतात आणि आजार आटोक्यात आला की आपोआप भरतात. काही थोड्या रुग्णांमध्ये मात्र त्यातून मोठा रक्तस्राव होतो. आधीच नाजूक अवस्थेत असलेल्या माणसाला तो महागात पडतो. रक्त चढवावे लागते, दुर्बीण घालून तपासणी करावी लागते, आयसीयूतला मुक्काम वाढतो. हे टाळण्यासाठी आम्ल कमी करणारे औषध आधीच सुरू करतात. म्हणजे ते ॲसिडिटीवरचा उपचार म्हणून दिलेले नसते. रक्तस्राव होऊ नये यासाठीची ती खबरदारी असते.

आयसीयूतील प्रत्येकालाच हा धोका असतो का?

नाही. कॅनडातील डॉ. डेबोरा कुक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९४ मध्ये आयसीयूतील २,२५२ रुग्णांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यात दोन मोठे धोके पुढे आले:

१. ४८ तासांपेक्षा जास्त काळ व्हेंटिलेटरवर असणे.
२. रक्त गोठण्याची क्रिया बिघडलेली असणे, उदाहरणार्थ प्लेटलेट ५० हजारांच्या खाली जाणे.

यांपैकी एक किंवा दोन्ही धोके असलेल्या ८४७ रुग्णांपैकी ३.७ टक्के लोकांना मोठा रक्तस्राव झाला. दोन्ही धोके नसलेले १,४०५ रुग्ण होते. त्यांच्यापैकी रक्तस्राव झाला फक्त दोघांना.

म्हणजे आयसीयूत असणे हेच काही औषधाचे कारण होत नाही. छातीत दुखले म्हणून एक रात्र निरीक्षणाखाली ठेवलेला, स्वतः श्वास घेणारा, जेवणारा रुग्ण आणि सेप्सिसमुळे व्हेंटिलेटरवर असलेला रुग्ण शेजारशेजारच्या खाटांवर असू शकतात, पण त्यांचा धोका सारखा नसतो.

(प्लेटलेटचा आकडा वाचून एक गैरसमज करून घेऊ नका. तो आयसीयूतील गंभीर रुग्णांपुरता आहे. घरी असलेल्या डेंगीच्या रुग्णाला प्लेटलेट उतरल्या म्हणून मनानेच या गोळ्या सुरू करू नका.)

मग २०२४ मध्ये नवे काय कळले?

१९९४ नंतर आयसीयूतील उपचार खूप सुधारले. रुग्णाला नळीने लवकर आहार सुरू होऊ लागला, सेप्सिसवर लवकर उपचार होऊ लागले. त्यामुळे आता हे औषध लागते तरी का, अशी शंका आली. दुसरी भीतीही होती. जठरातील आम्ल जंतूंना मारते. ते कमी केले तर जंतू वाढतील, न्यूमोनिया होईल, 'सी. डिफिसिल' नावाच्या जंतूमुळे गंभीर जुलाब होतील आणि फायद्यापेक्षा तोटाच जास्त होईल, अशी ती भीती.

२०१८ मध्ये युरोपातील सुमारे ३,३०० रुग्णांवरचा अभ्यास आला. निम्म्यांना पॅन्टोप्राझोल आणि निम्म्यांना औषध नसलेले, दिसायला तसेच इंजेक्शन दिले होते. औषधाच्या गटात मोठा रक्तस्राव कमी झाला: ४.२ टक्क्यांऐवजी २.५ टक्के. ९० दिवसांतील मृत्यूंचे प्रमाण मात्र दोन्ही गटांत जवळजवळ सारखेच होते.

जून २०२४ मध्ये 'न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन'मध्ये 'रिव्हाइज' हा आणखी मोठा अभ्यास प्रसिद्ध झाला. त्याचे नेतृत्वही डॉ. कुक यांच्याच गटाकडे होते. आठ देशांतील ६८ आयसीयूंमधील ४,८२१ रुग्ण, सगळे व्हेंटिलेटरवर असलेले. निम्म्यांना रोज ४० मिलिग्रॅम पॅन्टोप्राझोल, निम्म्यांना औषध नसलेले इंजेक्शन. या आठ देशांत भारत नव्हता, पाकिस्तान होता.

निकाल सोप्या भाषेत असा मांडता येईल. व्हेंटिलेटरवरील १,००० रुग्ण डोळ्यांसमोर आणा.

- औषध न दिल्यास मोठा रक्तस्राव झाला साधारण ३५ जणांना. औषध दिल्यावर १० जणांना.
- ९० दिवसांत मृत्यू: औषध घेणाऱ्यांत सुमारे २९ टक्के, न घेणाऱ्यांत सुमारे ३१ टक्के. हा फरक योगायोगानेही पडू शकतो इतका लहान आहे.
- व्हेंटिलेटरमुळे होणारा न्यूमोनिया: दोन्ही गटांत २३ ते २४ टक्के, म्हणजे सारखाच.
- 'सी. डिफिसिल'चे जुलाब: दोन्ही गटांत एक टक्क्याच्या आसपास. यातही ठोस फरक आढळला नाही.

या अभ्यासातील एक गोष्ट मला विशेष आवडली. कोणता रक्तस्राव 'महत्त्वाचा' मानायचा, हे फक्त डॉक्टरांनी ठरवले नाही. आयसीयूतून बरे झालेले रुग्ण आणि नातेवाईक यांनाही आधी विचारले गेले आणि त्यांच्या उत्तरांवरून वेगळी व्याख्या तयार झाली. त्या मोजमापातही औषध सरस ठरले: ४.२ टक्क्यांऐवजी १.५ टक्के.

आता यातून काय घ्यायचे? तुमचा रुग्ण व्हेंटिलेटरवर असेल आणि डॉक्टरांनी हे इंजेक्शन लिहिले असेल, तर ते उगाच लिहिलेले नाही. त्यामागे चांगला पुरावा आहे. न्यूमोनिया वाढेल ही भीतीही या अभ्यासात खरी ठरलेली नाही. पण हे औषध मूळ आजार बरा करत नाही. ते एक विशिष्ट संकट टाळते, तेवढेच त्याचे काम.

डॉक्टरांसाठीच्या सूचना काय सांगतात?

अमेरिकेतील आयसीयू तज्ज्ञ आणि औषधतज्ज्ञांच्या संघटनांनी २०२४ मध्येच याबद्दल मार्गदर्शक सूचना दिल्या. शॉक म्हणजे रक्तदाब धोकादायकरीत्या उतरून अवयवांना रक्त कमी पडणे, रक्त गोठण्यात बिघाड आणि यकृताचा जुना आजार, हे धोके त्यांनी ठळकपणे नोंदवले. व्हेंटिलेटरवरील रुग्णांबाबतचे उत्तर 'रिव्हाइज'ने दिलेच आहे. या सूचनांतील तीन गोष्टी तुम्हालाही माहीत असाव्यात.

पहिली, शक्य असेल तेव्हा रुग्णाला पोटातून आहार सुरू करावा. नाकातल्या नळीतून जाणारे पातळ अन्न जठराच्या अस्तराचेही रक्षण करते. "बेशुद्ध माणसाला नळीने जेवण कशाला, सलाइन आहे ना?" असे काही नातेवाईक विचारतात. सलाइनने ते काम होत नाही.

दुसरी, प्रतिबंधासाठी कमी मात्रा पुरते. 'रिव्हाइज'मध्ये दिवसातून एकदा ४० मिलिग्रॅम दिले होते. प्रत्यक्ष रक्तस्राव सुरू असेल तर मोठी मात्रा लागते, पण ती वेगळी परिस्थिती.

तिसरी आणि आपल्यासाठी सर्वांत महत्त्वाची: गंभीर आजार ओसरला किंवा धोका निघून गेला की औषध थांबवावे.

थांबवायचे राहून का जाते?

रुग्ण आयसीयूतून वॉर्डात येतो तेव्हा औषधांची यादीही त्याच्याबरोबर येते. नवे डॉक्टर, नवी शिफ्ट. सगळ्यांचे लक्ष ताप, ऑक्सिजन, किडनीचे रिपोर्ट यांवर असते. 'ॲसिडिटीचे' औषध निरुपद्रवी वाटते, म्हणून ते तसेच पुढे जाते. इंजेक्शनची गोळी होते आणि ती डिस्चार्ज कार्डावर येते. कार्डावर लिहिले आहे म्हणून घरचे ती आणत राहतात. मेडिकलवालाही जुनी चिठ्ठी बघून देत राहतो. आयसीयूतला दहा दिवसांचा उपचार अशा रीतीने दोन-तीन वर्षे चालतो. माझ्या दवाखान्यात असे रुग्ण नेहमी येतात. "ही गोळी कशासाठी घेता?" असे विचारले तर बहुतेकांचे उत्तर एकच असते: "दवाखान्यातून लिहून दिली होती."

वॉर्डातील साध्या रुग्णाला स्ट्रेस अल्सरसाठी हे औषध लागतच नाही. अमेरिकेतील बॉस्टन शहरातील एका रुग्णालयाने आयसीयूबाहेरच्या ७८ हजारांहून अधिक भरती रुग्णांच्या नोंदी तपासल्या. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात रुग्णालयात असताना असा रक्तस्राव झालेल्यांचे प्रमाण हजारात तीनच्या आसपास होते. एका माणसाचा रक्तस्राव टाळायला सुमारे ७७० जणांना औषध द्यावे लागले असते.

जास्त दिवस घेतल्याने काय बिघडते?

इथे घाबरवणारे मजकूर खूप फिरतात, म्हणून तोल सांभाळून सांगतो. हृदयविकाराच्या किंवा पायांच्या रक्तवाहिन्यांच्या आजाराच्या १७ हजारांहून अधिक रुग्णांना सुमारे तीन वर्षे पॅन्टोप्राझोल किंवा औषध नसलेली गोळी देऊन पाहिले गेले. २०१९ मधील त्या अहवालात पोटाचे जंतुसंसर्ग तेवढे थोडे जास्त दिसले. किडनी खराब होणे, हाडे मोडणे, स्मृतिभ्रंश अशा ज्या गोष्टींची भीती होती, त्या वाढलेल्या दिसल्या नाहीत. त्यामुळे खऱ्या कारणासाठी हे औषध घेणाऱ्यांनी धास्ती घेऊ नये.

पण कारण नसताना वर्षानुवर्षे घेण्यासारखेही ते नाही. दीर्घकाळ वापराने शरीरातील बी-१२ जीवनसत्त्व आणि मॅग्नेशियम कमी होऊ शकते. आपल्याकडे शाकाहारी कुटुंबांत बी-१२ आधीच कमी असते. त्यात मधुमेहासाठी मेटफॉर्मिन चालू असेल तर ते आणखी घटते. हातापायांना मुंग्या, थकवा, चालताना तोल जाणे अशा तक्रारी मग सुरू होतात. क्वचित किडनीला सूजही येते. भारताच्या औषध नियंत्रकांनी २०१९ मध्ये या गटातील औषधांच्या माहितीपत्रकात किडनीवरील दुष्परिणामाची सूचना घालायला सांगितले, ते यासाठीच.

आणखी एक. पॅन्टोप्राझोल आणि डॉम्पेरिडोन एकत्र असलेल्या कॅप्सूल आपल्याकडे सर्रास घेतल्या जातात. डॉम्पेरिडोन हे मळमळ-उलटीचे औषध आहे. अल्सर टाळण्याशी त्याचा संबंध नाही आणि हृदयाचे ठोके अनियमित होण्याचा धोका त्यात असतो. ही कॅप्सूल रोज चालू असेल तर डॉक्टरांना जरूर दाखवा.

थांबा! हे वाचून लगेच गोळी बंद करू नका

काही लोकांना हे औषध घरी आल्यावरही लागते, आणि ते मनाने बंद करणे धोक्याचे असते:

- अँजिओप्लास्टीनंतर ॲस्पिरिन आणि क्लोपिडोग्रेलसारख्या रक्त पातळ करणाऱ्या दोन गोळ्या एकत्र घेणारे.
- ॲस्पिरिनबरोबर वॉरफॅरिनसारखे दुसरे रक्त पातळ करणारे औषध घेणारे.
- पूर्वी अल्सर झालेला किंवा पोटात रक्तस्राव झालेला असून ॲस्पिरिन किंवा वेदनाशामक गोळ्या घेणारे.
- वय जास्त असून सांधेदुखीसाठी रोज वेदनाशामक घेणारे.
- अन्ननलिकेला आम्लामुळे गंभीर इजा झालेले.

मी उलट प्रकारही पाहतो. अँजिओप्लास्टी झालेले गृहस्थ कुठेतरी वाचतात की या गोळ्या वाईट असतात. ते तेवढी एकच गोळी सोडतात, रक्त पातळ करणाऱ्या दोन्ही चालू ठेवतात आणि काही आठवड्यांनी काळी शौच होते म्हणून येतात. म्हणून आधी विचारायचे ते हे: "ही गोळी माझ्यासाठी कशासाठी आहे?" त्याच्या उत्तरावर बंद करायची की नाही हे ठरते.

डॉक्टरांनी थांबवायला सांगितले तर एक गोष्ट लक्षात ठेवा. काही दिवसच घेतलेली गोळी सरळ बंद करता येते. काही महिने घेतल्यावर बंद केली की जठर काही काळ नेहमीपेक्षा जास्त आम्ल तयार करते. डेन्मार्कमध्ये निरोगी लोकांना आठ आठवडे असे औषध देऊन थांबवले, तेव्हा त्यांच्यापैकी ४४ टक्के लोकांना छातीत जळजळ किंवा आंबट ढेकर असा त्रास झाला. औषध न घेतलेल्यांत हे प्रमाण १५ टक्के होते. आधी काहीच आजार नसलेल्या लोकांची ही गोष्ट! त्यामुळे गोळी बंद केल्यावर जळजळ झाली तर "मला ही जन्मभर लागणार" असे समजू नका. हा त्रास बहुधा काही आठवड्यांत कमी होतो. तोपर्यंत काय घ्यायचे, मात्रा हळूहळू कमी करायची का, हे डॉक्टर सांगतील.

आयसीयूत असताना काय विचाराल?

डॉक्टरांशी बोलायला दिवसातून पाच-दहा मिनिटे मिळतात. तेवढ्यात हे विचारता येईल:

१. पोटात रक्तस्राव होऊ नये म्हणून काही औषध चालू आहे का? आमच्या रुग्णाला तो धोका कशामुळे आहे?
२. नळीने आहार सुरू झाला का? नसेल तर कधी होईल?
३. हे औषध कधी थांबवणार?

रुग्णाला आधी कधी अल्सर झाला होता, काळी शौच झाली होती, यकृताचा आजार आहे, रोज ॲस्पिरिन किंवा दुखण्याच्या गोळ्या चालू होत्या, तर ते न विचारता सांगा. गावठी किंवा दुकानातून आणलेल्या 'कंबरदुखीच्या पुड्या'ही सांगा. त्यांत स्टेरॉइड किंवा वेदनाशामक मिसळलेले असू शकते.

डिस्चार्जच्या दिवशी बिल आणि गाडीच्या गडबडीत एक काम विसरू नका. कार्डावरच्या प्रत्येक औषधापुढे 'किती दिवस' हे लिहून घ्या. जिथे लिहिलेले नसेल तिथे विचारा.

ही लक्षणे दिसली तर वाट पाहू नका

- डांबरासारखी काळी, चिकट, उग्र वासाची शौच. लोहाच्या गोळ्यांनीही शौच काळी होते, पण ती सहसा डांबरासारखी चिकट नसते. शंका असेल तर दाखवा.
- रक्ताची किंवा कॉफीच्या चोथ्यासारखी उलटी.
- उभे राहताच चक्कर, घाम, छातीत धडधड, चेहरा पांढरा पडणे.

घरी असाल तर लगेच जवळच्या रुग्णालयात जा, रात्र असली तरी. आयसीयूत भेटायला गेल्यावर नाकातल्या नळीच्या पिशवीत लालसर किंवा कॉफीच्या रंगाचे पाणी दिसले तर नर्सना लगेच सांगा. त्यांनी ते बहुधा पाहिलेलेच असते, तरीही सांगा.

घरात कोणी गेल्या वर्षा-दोन वर्षांत आयसीयूतून बरे होऊन आले असेल, तर आज त्यांच्या औषधांचा डबा उघडून बघा. नावाच्या शेवटी 'प्राझोल' असलेली गोळी सापडली तर जुने डिस्चार्ज कार्ड आणि सध्याच्या सगळ्या गोळ्या घेऊन तुमच्या फॅमिली डॉक्टरांकडे जा. गोळी का चालू आहे आणि किती दिवस घ्यायची, एवढेच विचारा. कारण असेल तर ती निर्धास्तपणे घ्या. कारण संपले असेल तर ती कशी बंद करायची ते डॉक्टरच सांगतील.